जहांगीरचाचांची धुतलेली पिकअप

सावद्याच्या जहांगीरचाचांना चार मुलं आणि पाचवी पिकअप. मेहरुनचाची म्हणायच्या, चौघांच्या डोक्यावरून मिळून जेवढा हात फिरला नसेल, तेवढा एकट्या बॉनेटवरून फिरला. केळी भरण्याआधी हौद्यात पाला अंथरायचा तो केळीला ओरखडा येऊ नये म्हणून नव्हे, हौद्याला येऊ नये म्हणून! कुणी दार आपटलं, की चाचांचा त्याच्याशी दिवसभर अबोला.

गेल्या हिवाळ्यात चाचा तापाने पडले आणि मगन नावाचा बदली ड्रायव्हर केळी घेऊन धुळ्याला गेला. परत रिकामं कशाला यायचं, म्हणून या शहाण्याने हायवेवर कुणाची तरी चार पोती गुरांची ढेप भरली. ढेपेखाली गांजा निघाला. मगन आत गेला, पिकअप धुळ्यातल्या पोलीस ठाण्याच्या आवारात गेली. चाचांचा यात काही संबंध नाही, हे चौकशी करून पोलिसांनीच लिहून दिलं. म्हणजे मालक निर्दोष, पण गाडी मुद्देमाल. खटला संपेपर्यंत ती तिथेच राहणार, आणि खटला कधी संपणार हे शहाण्या माणसाने विचारू नये. तोवर चाचा दुसऱ्यांच्या गाड्यांवर केळी भरायला जाऊ लागले.

ते आवार म्हणजे गाड्यांचं कब्रस्तान. एका रिक्षातून कडुनिंबाचं रोप वर आलेलं, एका जीपला चाकंच नाहीत. आपल्या पिकअपचं असं होऊ द्यायचं नाही, हे चाचांनी तिथेच ठरवलं. मग दर बुधवारी बादली आणि दोन फडकी घेऊन ते एसटीने निघायचे, जळगावला गाडी बदलून धुळ्याला यायचे. किल्ली मुद्देमाल सांभाळणाऱ्या तोताराम हवालदाराच्या खणात. तोतारामची काही हरकत नव्हती. कायद्याची असेल, पण कायदा बुधवारी आवारात नसायचा. चाचा पिकअप धुवायचे, दहा मिनिटं चालू ठेवायचे आणि हात ओले आहेतच म्हणून साहेबांची जीपही धुवायचे.

"चाचा, बठ्ठ्या गाड्या सडी ग्यात, तुमनी मातर नवरीना मायक शे," तोताराम म्हणायचा. गाडीला नवरीसारखी म्हटलं, की चाचा मनातून सुखावायचे.

दरम्यान धुळ्याच्या प्रेमराज वकिलांनी अर्ज टाकला. मालकाला काही ठाऊक नसेल, तर अशा केसमध्येही गाडी तात्पुरती ताब्यात मिळू शकते. उघड्यावर पडून ती सडते, सडून कुणाचंच भलं होत नाही, असा त्यांचा मुद्दा. कोर्टाने पोलिसांचं म्हणणं मागवलं. ते तोतारामने लिहिलं, आणि अगदी मनापासून लिहिलं: 'सदर वाहन आवारात सुरक्षित, चालू व सुस्थितीत असून त्याची दर आठवड्यास देखभाल होते. सबब अर्ज नामंजूर व्हावा.' गाडीचं काहीच नुकसान होत नाही असं दिसल्यावर कोर्टाने अर्ज फेटाळला.

"चांगलंच लिखं ना मी, चाचा?" तोतारामने निकालानंतर विचारलं. त्याला खरंच वाटत होतं, आपण चाचांचं नाव केलं!

वकिलांनी कपाळावर हात मारला. "जहांगीरभाई, तुम्हाला धुवायला कोणी सांगितलं होतं? आता तिकडे फिरकू नका. सडू द्या. मग बघतो."

चाचा घरी आले आणि जेवले नाहीत. पोटच्या पोराला उपाशी ठेवा, असं सांगितल्यासारखं झालं होतं त्यांना. तरी बुधवार आला की पाय एसटी स्टँडकडे वळायचेच. ठाण्यासमोरच्या चहाच्या टपरीवर बसून ते कुंपणाच्या जाळीतून बघत राहायचे. उन्हाळ्यात पुढचं चाक बसलं, मग मागचं. बॅटरी गेली. ती ठाण्याच्या आवारातून कोण नेणार, हा प्रश्न चाचांनी चहाबरोबर गिळला. पावसाळ्यात दारांना गंज चढला, आरशावर वेल गेला, दिवाळीच्या तोंडावर हौद्यात एका कुत्रीने पिल्लं घातली. एवढ्या महिन्यांत साहेबांच्या जीपवरही बोटभर धूळ चढली होती, पण तिच्यासाठी कोणी अर्ज केला नव्हता.

दिवाळीनंतर वकिलांनी फोटो काढून दुसरा अर्ज लावला. गंज स्पष्ट दिसत होता. पिल्लं तर फारच छान आली होती. अर्ज मंजूर झाला.

चाचा गाडी ओढून नेणारा टोचनवाला घेऊन आले, कारण चालू होऊन चालत जाण्याजोगं गाडीत काही उरलं नव्हतं. तोतारामने अटी वाचून दाखवल्या: गाडी विकू नये, रंग बदलू नये, कोर्ट म्हणेल तेव्हा हजर करावी. आणि चौथी अट, 'अर्जदाराने वाहन सुस्थितीत ठेवावे.'

चाचा एवढे हसले, की डोळ्यांतून पाणी आलं आणि मग ते थांबेचना. तोतारामला काय करावं कळेना. त्याने हळूच सही घेतली.

साखळी लागली. चाचांनी कुत्रीची पिल्लं एकेक उचलून त्या रिक्षाच्या सावलीत ठेवली. सवयीने आणलेली बादली आणि फडकी हातात होतीच. ती बघून तोतारामला धीर आला.

"चाचा, जाता जाता साहेबनी जीपवर जरासं फडकं मारी द्या ना."

चाचांनी धुळीने माखलेल्या जीपकडे पाहिलं, बादली टोचनच्या केबिनमध्ये टाकली आणि स्वतः वर चढले.

"राहू द्या, तोतारामभाऊ. इथं सडली म्हणजेच सुटते," ते म्हणाले आणि आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी गाडीचं दार दाणकन आपटलं.