लीलाबाईंचं सहावं बोट

लीलाबाई मडावी प्रयोगशाळेच्या दाराशी चपला काढत आणि दिवसभर अनवाणी वावरत. डाव्या पायाला सहा बोटं. नवी मुलं टक लावून बघायला लागली की पाय पुढे करून म्हणत, "मोजून घ्या एकदाचे. मंग कामाले लागा."

वर्ध्याच्या आमच्या कॉलेजात त्या प्राणिशास्त्र विभागात परिचर होत्या आणि मी बी.एस्सी.ला. माझ्याही उजव्या पायाला सहावं बोट आहे. तेव्हा मी ते भर मे महिन्यातही बुटात कोंडून ठेवत असे.

शेवटच्या वर्षी मला स्थळ आलं. आईने बोटाचं आधीच सांगितलं होतं. मुलाच्या आत्याबाईंनी निरोप पाठवला, "रविवारी बघायला येतो, पण लग्नाआधी ते बोट काढावं लागेल." आईने लगेच दवाखान्यात तारीख ठरवली. दुसऱ्या दिवशी मी प्रयोगशाळेत रडत बसले होते. लीलाबाईंनी सगळं ऐकून घेतलं, कपाटातून बेडकाचा सांगाडा आणला आणि मागच्या पायाच्या पाच बोटांलगतचा हाडाचा इवलासा खुंट दाखवला.

"हे पाह्य, सहावं. बोट होता होता राह्यलं. जमीन उकरनारा बेंडूक यानंच माती लोटते. त्याले कोनी म्हनलं का, काप म्हून?"

"पण लीलाबाई, ते आणि माझं बोट एक नाही. पुस्तकात वेगळं दिलंय."

"नसन. तुह्यं दुखते का?"

"नाही."

"चालाले अडते?"

"नाही."

"मंग काऊन कापतं? दुखत असन तं आजच काप, मी संग येतो. लोकायले दुखून राह्यलं म्हनून नोको कापू."

रविवारी मी लीलाबाईंनाही सिंदी मेघेच्या आमच्या घरी बोलावलं. पाहुणे आल्यावर मी पोह्यांचा ट्रे घेऊन अनवाणीच बाहेर आले. आत्याबाईंनी पायाकडे बघून विचारलं, "तारीख कधीची?"

"तारीख नाही. बोट राहील." मी ट्रे त्यांच्यापुढे ठेवला.

"मंग आपलं जमत नाई," म्हणत आत्याबाई उठल्या. दाराजवळून लीलाबाई म्हणाल्या, "पोहे तं संपवा. ते पाच बोटाच्या हातानंच केले."

पाहुणे गेल्यावर आई त्यांच्यावर कडाडली, "पुन्हा या घरात पाय ठेवू नका!"

"नाई ठेवत. पन हिले बोलू नोका. जे बोलाचं ते मले बोला."

आई माझ्याशी दोन महिने बोलली नाही. लीलाबाई खरंच पुन्हा आल्या नाहीत. मी पुढे एम.एस्सी. केलं आणि त्याच विभागात शिकवायला लागले.

गेल्या वर्षी त्या आजारपणात गेल्या. मी निघाले तर आई न सांगता स्कूटीवर मागे बसली. नालवाडीला त्यांच्या अंगणात बायका जमल्या होत्या. एकीने हळूच चादर खाली ओढून पाय झाकायला घेतले.

"झाकू नोका," आई एकदम म्हणाली. पुढे झाली, चादर बाजूला सारली आणि त्या पायांवर डोकं टेकवलं.