जुना डबा

“भाऊजी, धाकटीची गाणी उतरवून महिना झाला. एक प्रत मला द्यायची ठरली होती. मी सत्त्याहत्तर वर्षांची आहे, वाट बघायची हौस आता उरलेली नाही. – ताई.”

मोठ्या मेहुणीची चिठ्ठी दाराखालून आत सरकवलेली होती. भाऊजींनी ओशाळून कॉम्प्युटर लावला. जन्मभर लिफ्ट दुरुस्त केलेला हा माणूस. निवृत्तीनंतर त्यांनी इंटरनेटवरून गाणी उतरवणारं सॉफ्टवेअर घरीच बसवलं होतं. ते कंटेनरमध्ये चाले, म्हणजे कॉम्प्युटरच्या आतल्याच एका स्वतःपुरत्या डब्यात. बायको, म्हणजे ताईची धाकटी बहीण, गेल्यावर तिच्या गायनवृंदाची साइट बंद होणार असं कळलं, तेव्हा तिची एकतीस गाणी त्यांनी घाईघाईनं उतरवली होती.

यादी उघडली, तर रिकामी!

रविवारी सॉफ्टवेअरची नवी आवृत्ती घेतली होती. जुना डबा काढून नवा बसवला, आणि गाणी तर डब्याच्या आतच साठत होती. बाहेरचं फोल्डर त्याला जोडायचं राहूनच गेलं होतं. साइट कधीच बंद झालेली.

त्यांनी फोन लावला. “ताई, गेली हो सगळी! जुन्या डब्याबरोबर गेली.”

“आधी रडं थांबवा. डबा काढलात की फेकलात?”

“म्हणजे?”

“म्हणजे काय म्हणजे! लिफ्टची झिजलेली चाकं आठ-आठ दिवस घरात ठेवायचात. धाकटीच्या चादरींना ग्रीस लागायचं. तुम्ही कधी काही लगेच फेकलंय?”

भाऊजींनी डब्यांची यादी उघडली. नवा भाग आठवडाभर नीट चालल्याशिवाय जुना टाकायचा नाही, हे डोकं विसरलं होतं, हात नव्हता विसरला. बंद करून ठेवलेल्यांत एक डबा पडून होता. त्याला त्यांनीच नाव दिलं होतं, ‘जुना’. आज सहावा दिवस.

गाणी डिस्कवर काढली. मोजली. परत मोजली. एकतीस.

“ताई, आहेत!”

“असणारच,” ताई म्हणाली आणि फोनमध्येच नाक शिंकरलं.

“आता तुमच्याकडेही प्रत हवीच. कोपऱ्यावरच्या दुकानातून पेन ड्राइव्ह घेऊन या.”

“उद्याच आणते.”

दुसऱ्या दिवशी ती आली, चार गाणी ऐकली, चहा घेतला. पेन ड्राइव्ह विसरली. पुढच्या गुरुवारीही विसरली. “मेलं लक्षातच राहत नाही,” म्हणत स्वतःच खुर्ची ओढून बसली. भाऊजींनी दोनदा आठवण करून दिली, मग विषय सोडून दिला. दुकान तर तिच्या येण्याच्या वाटेवरच आहे.