हातभर अंतरावरची अक्षरं

२००६ च्या मार्चमध्ये वॉटफर्डच्या एका वाचनालयात एका आजींनी मराठी लग्नगीतांच्या जुन्या चोपड्याची फोटोकॉपी खूप मोठी करून घेतली. प्रत हाती आली, पण त्यांना ती वाचता आली नाही.

रांगेत त्यांच्यामागे मी होते. नवऱ्याच्या नोकरीमुळे आम्ही तिथे राहायला आलो होतो. मुंबईच्या एका मराठी दैनिकातली माझी उपसंपादकाची नोकरी सुटली होती आणि आठवड्यातून दोन संध्याकाळी मी लंडनमध्ये छपाईची अक्षरं घडवण्याच्या एका वर्गाला जात असे. हातात त्याच अक्षरांचे कागद होते. आजींनी त्यांच्याकडे तिरकं पाहिलं. त्या सगळीकडे तिरकंच पाहत. नजरेच्या मधोमध धुरकट डाग होता, कडेनं मात्र दिसत असे.

“हे क तू काढलेस?”

“हो.”

“बरे आहेत. पोटं सुटलीत जरा.”

आजी मुंबईच्या, मराठी बोलणाऱ्या ज्यू कुटुंबातल्या. लग्नानंतर इंग्लंडला आल्या त्याला चार दशकं झाली होती. घरात मुलगा, सून आणि नात इंग्रजी बोलत. नातीचं लग्न जुलैत होतं, आणि आदल्या दिवशी मेंदीला मराठी गाणी म्हणायची घरची रीत होती. गाणी सांगणाऱ्या इतर बायका आता उरल्या नव्हत्या. आजींना लांब गाण्यातली कडवी मध्येच आठवेनाशी होत, आणि चोपडं दिसत नव्हतं. मुलानं यावर तोडगा काढला होता: नातेवाइकांकडची जुनी कॅसेट सीडीवर उतरवून हॉलमध्ये लावायची.

“कॅसेटला आमंत्रण नाही,” आजी म्हणाल्या. “मला आहे.”

आमच्या वर्गाचा एक नियम होता. अक्षर काढायचं ते कुणा एका माणसासाठी, त्या माणसाला भेटून. माझ्याकडे तोवर असं कुणी नव्हतं. पुढच्या वर्गाला मी आजींची फोटोकॉपी घेऊन गेले.

शिक्षक इंग्रज होते. देवनागरी त्यांना येत नव्हती. त्यांनी कागद भिंतीला लावला आणि खोलीच्या दुसऱ्या टोकाला जाऊन पाहिला. मग कपाटातून जुन्या छपाईचे, टोकाला अक्षर कोरलेले शिशाचे दोन खिळे काढून माझ्या तळहातावर ठेवले. दोन्ही एकाच घराण्यातले, एकाच इंग्रजी अक्षराचे; एक अगदी लहान, एक मथळ्याचा. भिंगातून पाहिल्यावर लहान खिळ्यावरचं अक्षर रुंद, जाड आणि मोकळ्या पोटाचं दिसलं. मोठं नाजूक होतं. शिशाच्या काळात प्रत्येक आकाराचं अक्षर कारागीर वेगळं कोरत. पुढे एकच चित्र सगळ्या आकारांना ताणून वापरायची सोय झाली, आणि तीच फोटोकॉपीच्या यंत्रातही होती.

“मोठं अक्षर म्हणजे फुगवलेलं लहान अक्षर नव्हे,” ते म्हणाले. “तुझ्या बाईंना नेमकं काय दिसतं ते विचार.”

शनिवारी आजींच्या स्वयंपाकघरात मी विचारलं. त्यांनी कागद खिडकीशी धरला.

“दोरी दिसते,” त्या म्हणाल्या. “खाली काहीतरी वाळत घातलंय. सदरा की चादर, कळत नाही.”

दोरी म्हणजे शिरोरेषा. मोठी करताना ती पट्टीएवढी जाड झाली होती आणि अक्षरांची पोटं शाईनं भरली होती. मी शिरोरेषा बारीक केली, पोटं उघडली, शब्दांमधली जागा वाढवली. पुढच्या शनिवारी आजी भ ला म म्हणाल्या.

“मग दोरी काढूनच टाक की.”

“नाही चालणार, आजी. भ आणि म दोरीवरूनच ओळखतात. भ ची दोरी डावीकडे तुटलेली असते.”

“तुटलेली असते तर नीट तोड. कुरतडतेस कशाला?”

मी फट दुप्पट केली आणि भ च्या डाव्या बाजूची गाठ मोठी केली. तीच फट ध ला दिली, म्हणजे तो घ पासून सुटा झाला. मग अनुस्वार हरवतात असं लक्षात आलं. माझे ठिपके प्रमाणात होते, डौलदार होते, आणि आजींना ते दिसत नव्हते.

“मी जन्मात टिकली लावली नाही,” त्या म्हणाल्या, “पण ह्यांना लाव. चांगली ठसठशीत.”

मे महिन्यात पहिलं पूर्ण गाणं नव्या अक्षरांत छापलं. आजींनी ते पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत न अडखळता म्हटलं. सुनेनं टाळ्या वाजवल्या. मी कागद हातात घेतला. टाइप करताना माझ्याकडून तिसरं कडवं गळलं होतं. आजींनी तेही म्हटलं होतं.

“आजी, तिसरं कडवं कागदावर नाही.”

“मग घाल ना.”

“तुम्ही वाचत नव्हता.”

“तू दर शनिवारी एवढी खटपट करून येतेस,” आजी म्हणाल्या. “चहा पण धड पीत नाहीस. म्हटलं, पोरीचं मन राखावं.”

मुलगा दारात उभा होता. तो इंग्रजीत म्हणाला की सीडी तयार आहे, आईवर उगाच ताण नको. आजींनी त्याला दूध आणायला दुकानात पाठवलं.

त्या दिवसापासून गाण्यांवर चाचणी बंद केली. मी आजींना पाठ असणं शक्यच नाही असा मजकूर छापून नेऊ लागले. बातमीच्या साच्यातली, त्याच घरातली वाक्यं. पहिल्या कागदावर होतं: ‘शेजाऱ्यांचं मांजर आजींच्या खुर्चीत झोपतं.’ आजींनी मान वळवली आणि एकेक शब्द उचलला. शेजाऱ्यांचं. मांजर. मग खुर्चीकडे पाहिलं.

“झोपतं,” त्या म्हणाल्या. “आणि तू उठवत नाहीस.”

दुसऱ्या कागदावर होतं की आजींच्या चहात साखर फार असते. त्यांनी तो वाचला, घडी घातला आणि त्या दिवशी माझ्या कपात साखर घातली नाही. जूनमध्ये त्या असा कागद हातभर अंतरावर धरून वाचू लागल्या. सुनेलाही त्याची गोडी लागली. आम्ही टेबलाशी बसून त्या घराच्या बातम्या रचत असू आणि आजी त्या हसत वाचत. क चं पोट मी दोनदा कमी केलं. दुसऱ्यांदा त्या म्हणाल्या, “आता सोड त्याला, उपाशी मरेल.”

चोपड्यातली सगळी गाणी छापून होत आली तेव्हा नातीनं मला फोन केला. तिला देवनागरी वाचता येत नव्हती. मराठी ती जपून बोलत असे.

“मावशी, एक फेव्हर पाहिजे. आजीला सांगायचं नाही. डॅड म्हणतो, ती अजून बाय हार्टच म्हणते. मी एक कडवं केलंय. लास्ट गाण्यात मध्ये टाकशील?”

तिनं ते फोनवर सांगितलं. मी एक अक्षरही न बदलता ते छापलं.

जुलैत ईलिंगच्या एका हॉलमध्ये मेंदी झाली. मोठ्या ताटात गोड पोहे, ओलं खोबरं आणि फळं होती. आजी नातीशेजारी बसल्या होत्या, मांडीवर कागद होते. भिंतीपाशी सीडी घालून ठेवलेला प्लेअर होता, शेजारी मुलगा उभा होता. बायकांना शब्द येत नव्हते. आजी ओळ सांगत आणि त्या मागून म्हणत. आजींनी एकेक कागद उलटा करून बाजूला ठेवला. शेवटचं गाणं आलं. त्यांनी म्हटलं:

“आजी म्हणते हळू चाल, आजी स्वतः पळते…”

बायकांनी ते मागून म्हटलं. आजी थांबल्या होत्या. मुलगा भिंतीपासून दोन पावलं पुढे आला. आजींनी कागद जवळ घेतला, पुन्हा लांब धरला, आणि पुढची ओळ चाल न लावता वाचली.

“आजीची फोडणी रोज फोनवर जळते.”

ज्यांना मराठी येत होतं ते आधी हसले, बाकीचे अर्थ विचारून हसले. नातीनं मेंदीचे हात तोंडासमोर धरले, पण लावले नाहीत.

“एकदाच जळली होती,” आजी म्हणाल्या. “आणि फोन हिचाच होता.”

मग त्यांनी मान तिरकी केली, कागद हातभर अंतरावर धरला आणि दोन्ही ओळी पहिल्यापासून चालीत म्हटल्या. सीडी आता मुलाच्या कोटाच्या खिशात होती.