अर्जुनी मोरगावचा स्वीडिश नट

स्वीडनचा एक सिनेनट अर्जुनी मोरगावच्या मिशन दवाखान्यात औषधं देतो, असं आमच्या नागपूरच्या शाळेतल्या एका मास्तरांनी सांगितलं, तेव्हा मला थट्टाच वाटली. पण मूकपटांचं माझं वेड जुनं. स्वातंत्र्याच्या आदल्या वर्षी दिवाळीची सुट्टी लागली आणि मी निघालो.

गोंदियापर्यंत मोठी गाडी, पुढं छोटी. तिकीट स्वस्त, बाकडी कडक. गोंदियाच्या फलाटावर पुरी-भाजी खाऊन घ्यावी, पुढं उकडलेल्या शिंगाड्यांशिवाय फारसं काही मिळत नाही. खिडकीबाहेर पिकलेलं धान, मग तलाव, मग पुन्हा धान. गाडी इतकी सावकाश की उतरून चालावंसं वाटे.

दवाखान्यात भेटलेले हे नट, एरिक साहेब, उंच, पन्नाशीचे. मराठी चांगली, पण शब्द तोंडातच अडकत. मूकपटांत त्यांना लहान कामं मिळायची: बुडणारा कोळी, बर्फात गोठलेला शिपाई. बोलपट आले आणि आवाजाच्या चाचणीत स्टुडिओतली माणसं हसली.

"त्या दि... दिवशी संपलं," ते म्हणाले. बहीण इथं नर्स होती. तिच्याकडे आले ते राहिलेच.

दुसऱ्या दिवशी गावची मंडई, म्हणजे दिवाळीनंतरची जत्रा. दुपारी दंडार होती, इकडचं गाण्या-नाचाचं नाटक. सकाळीच दंडारीचा म्होरक्या बिसन दवाखान्यात आला. त्याच्या राजाला ताप भरला होता.

"साहेब, तुमीच व्हा ना राजा. नट होते ना तुमी?"

एरिक लालबुंद झाले. "मला बो... बोलता येत नाही."

"मंग थांबत थांबत बोला. आमाले कुठं गाडी पकडाची हाये?"

मला वाटलं, नाही म्हणतील. पण दुपारी ते मुकुट घालून मैदानात उभे! ढोलकी थांबली. "पा... पा..." शब्द फुटेना. मागून कुणीतरी हसलं. एरिक यांचा चेहरा पांढरा पडला, ते वळून निघालेच.

तेवढ्यात पुढं बसलेली एक म्हातारी ओरडली, "काऊन जाऊन राहिला रे बाबू? बोल ना. आमी बसलोच हाओ!"

ते थांबले. केवढा तरी वेळ गेला. कुणी हललं नाही. मग खणखणीत आवाज आला, "पाणी आणा रे! परजा तहानली हाये!"

ढोलकीवाल्यानं अशी थाप दिली की पोरं नाचायला लागली. पुढची वाक्यंही अडखळतच आली, पण लोक प्रत्येकाची वाट पाहत होते.

नंतर रंग पुसताना ते मला म्हणाले, "सिनेमात कितीतरी वेळा मेलो मी. लोकांसमोर बोललो आज, प... पहिल्यांदा."

जायचं असेल तर मंडईच्या दिवसांतच जा, अंथरूण सोबत न्या. सिनेमाबद्दल विचारायचे माझे कितीतरी प्रश्न राहूनच गेले, त्याची खंत नाही.

घरी पोचल्यावर बायकोनं विचारलं, "कसं काम करतात हो ते?"

"तसं साधारणच," मी खरं ते सांगितलं. "पण निघताना बिसनला बजावत होते, पुढच्या वर्षी वाक्यं वाढव म्हणून."