चोवीस तोरणे

ओल्या गोणपाटावर पसरलेला झेंडू… पिवळा, केशरी, दवाने जड झालेला, आणि त्याचा तो किंचित कडवट, दिवसभर बोटांना चिकटून राहणारा वास. मखमलाबादकडच्या आमच्या फुलशेतीतला तो दसऱ्याच्या सकाळचा तोडा होता, आणि सहावीच्या वर्गात नुकतेच सामाईक विभाजक शिकल्यामुळे मी भलत्याच तोऱ्यात होते.

आई तोरणे अंदाजानेच ओवी. आठ फुले, तीन पाने, शेवटी गाठ. अशी वीस झाली की ती थांबे आणि खाली उरलेले मुकाट्याने टोपलीआड सारी. त्या दिवशी मी सगळे मोजून काढले – फुले एकशे अडुसष्ट, आंब्याची पाने बहात्तर. दोन्हींना पुरता भाग जाईल अशी मोठ्यात मोठी संख्या चोवीस.

“आई, चोवीस तोरणं व्हतात! सात फुलं, तीन पानं. एकबी उरत नाय!”

आईची सुई थांबली. तिने कौतुकाने माझ्याकडे पाहिले. “बरं बाई, तू म्हणती तसं.”

गंगेवर, नदीकाठच्या बाजारात, ती चोवीस तोरणे दुपारपर्यंत हातोहात खपली. मी जवळजवळ नाचतच घरी आले… आणि पाहते तर आळीतल्या प्रत्येक दाराला तोरण, आमचेच दार तेवढे बोडके. वडिलांनी पूजेसाठी धुऊन मांडलेल्या विळ्या-खुरप्यांना वाहायलाही फूल नव्हते. शेतात उरल्या होत्या त्या हिरव्या, मिटलेल्या कळ्या. आई दरवर्षी मागे ठेवी ते आमच्या घरासाठी, हे मला तेव्हा कळले. शरमेने रडूच कोसळले.

“रडू नको. गणित बरोबर हाय तुझं,” आई म्हणाली, “आपलं दार तेवढं धरायचं राहिलं.” मग बांधावरच्या आंब्याची नुसती पाने ओवून तिने दाराला बांधली.

आता आई नाही, त्या शेतावर इमारती आहेत. दसऱ्याला मी दोन तोरणे विकत आणते – एक दाराला, एक आईच्या फोटोला. घेताना विकणारीला विचारते, “घरचं काढून ठेवलंत ना?” बहुतेक जणी हसून टोपलीआड फडक्यात बांधून ठेवलेली फुले दाखवतात. गेल्या वर्षी एक तरुण बाई मात्र रिकाम्या टोपलीकडे बघत राहिली.

आईच्या वाटचे तोरण मी तिच्या टोपलीत परत ठेवले. म्हटले, “हे आता विकू नका.”