पडद्याशेजारचा महिपती

बदलापूरच्या महिपतीच्या जिभेला हाड नव्हतं, आणि हे तो स्वतःच मिरवायचा. "शेती भावाने केली, संसार रखमाबाईने केला. मी नुसती बडबड केली!" बोलपट येऊन जमाना झाला, तरी विष्णुपंतांच्या फिरत्या तंबूत अमेरिकेतल्या घोडेस्वारांची जुनी मुकी चित्रं चालत. पडद्याशेजारी उभं राहून महिपती त्यांची गोष्ट सांगायचा. चित्रांमधल्या इंग्रजी पाट्या त्याला वाचता येत नव्हत्या, पण म्हणून गप्प बसेल तो महिपती कसला! बिल्ला लावलेला फौजदार, तोंडाला फडकं बांधलेला ढोरचोर. झालं, निघाली गोष्ट.

एकोणपन्नास साली उल्हासनगरच्या कॅम्प एकमध्ये तंबू ठोकला. विष्णुपंतांनी बजावलं, "इथे सगळे सिंधी. तुझ्या बोलण्याला हसले तर ठीक, नाहीतर उद्यापासून मी ग्रामोफोनच्या तबकड्या वाजवतो. तू जा भात लावायला." भात लावायला तरी महिपतीला कुठे येत होतं!

तोडक्यामोडक्या हिंदीत त्याने रेटून नेलं. घोडे उधळले, गोळ्या सुटल्या. मग आला त्याचा हुकमी प्रसंग. पोरंबाळं, भांडीकुंडी गाड्यांत कोंबून माणसं घरदार सोडून निघालेली. गावोगाव याला हशा पिकायचा. महिपती ओरडला, "देखो, निकले सब जत्रा को! चूल्हा भी बांध लिया!"

तंबू चिडीचूप. फाळणीत असंच निघून आलेली माणसं समोर बसलीत, हे तेव्हा कुठे त्या शहाण्याच्या डोक्यात शिरलं. 'अरे गाढवा!' तो मनाशी म्हणाला. यंत्रामागे विष्णुपंतांनी कपाळाला हात लावला.

गाड्या नदीत उतरल्या आणि रीळ संपलं. पुढचा तुकडा केव्हाच हरवला होता. एरवी महिपती "बुडाले!" म्हणून मोकळा व्हायचा.

"पहुँचे क्या?" पुढे बसलेल्या एका म्हातारीने विचारलं.

ओठांवर आलेलं 'बुडाले' महिपतीने गिळलं. "पहुँचे, अम्मा. सब पहुँचे."

"घर मिला?"

"पहले ऐसा ही बॅरेक मिला, चादर का परदा लगा के. फिर पक्का घर."

"और नल में पानी?" मागून कोणी ओरडलं.

"आया ना! दो घंटा!"

"इतना?" अख्खा तंबू खो खो हसत सुटला. विष्णुपंतही हसले. "उद्या वेळेवर ये रे," ते म्हणाले.

महिपतीने सुटकेचा निःश्वास टाकला, तोच म्हातारी जवळ आली. "मेरा बेटा अब तक नहीं आया," ती म्हणाली. "कल बहू को लाऊँगी. उसको भी यही बोलना, सब पहुँचे."

"बोलूँगा, अम्मा," महिपती म्हणाला, आणि आयुष्यात पहिल्यांदा त्याला स्वतःच्याच तोंडाची भीती वाटली.