मुकाभाऊंचं वाक्य

आलापल्लीत सगळ्यात जास्त बोलणाऱ्या माणसाचं नाव होतं मुकाभाऊ. सागाच्या डेपोत लाकडांवर शिक्के मारताना त्यांची टकळी सुरू व्हायची, ती घरी जेवायला बसलं तरी थांबत नसे. नाव पडलं ते मूकपटांमुळे. तरुणपणी मुंबईला पळून जाऊन त्यांनी तिथं कामं केली होती. कधी शिपाई, कधी ऋषी, आणि एकदा चक्क राजा!

"पडद्यावर आवाजच नाई, त मी राजाच्या कपड्यात आपलंच बोलत होतो," ते सांगायचे. "राणीले म्हनलं, काऊन रडून राह्यली बाई? कोणाले ऐकू येते?"

मग बोलपट आले. आवाजाच्या परीक्षेत भाऊंनी तोंड उघडलं आणि सगळा स्टुडिओ हसला. भाऊ गावी परतले. हे सांगताना मात्र ते हसत नसत. "एकदा राजा होऊन लोकाइसमोर बोलीन, मंगच मरीन," म्हणायचे आणि पुन्हा कामाला लागायचे.

शंकरपटाला, म्हणजे बैलांच्या शर्यतीच्या जत्रेला, आमच्या मंडळाचं नाटक असे. मी डेपोतला कारकून आणि मंडळाची राणी. हसू नका, तेव्हा आमच्याकडे बायका कुठे रंगमंचावर यायच्या! राजासारखं चालणारं भाऊंखेरीज कोणी नव्हतं. पण तालीम घेणारे मास्तर शुद्ध भाषेचे भारी कडक.

"'देवी, हे अश्रू कशासाठी?' असं म्हणा. नाहीतर भालदार व्हा, त्याला वाक्यच नाही."

"भालदार कराचं त करा, मास्तर. पण राजा केला त मी असाच बोलीन."

मास्तर चिडचिड चिडले, भाऊ हटले नाहीत. दुसरा राजा काही मिळेना.

प्रयोगात मी पदर तोंडाला लावून रडत होतो. भाऊ म्हणाले, "काऊन रडून राह्यली बाई? मी आहो ना!" सगळा मांडव खो-खो हसला. मुंबईचंच पुन्हा घडत होतं. भाऊ जागचे हलले नाहीत. एक शब्द न बोलता लोकांकडे पाहत राहिले. काय चेहरा होता तो, बाप रे! आधी पुढचे गप्प झाले, मग मागचे. मग माझ्या डोक्यावर हात ठेवून त्यांनी तेच वाक्य हळू म्हटलं. बायकांत कुणीतरी हुंदका दिला. मी तर खरोखरच रडायला लागलो.

त्याच उन्हाळ्यात भाऊ तापानं गेले. फार जीव लावला होता हो त्या माणसानं.

पुढल्या वर्षी मास्तरांनी मला राजा केलं. तालमीत ते वाक्य आलं आणि मी अडलो.

"मास्तर, कसं म्हणू?"

मास्तरांनी हातातली वही मिटली. मग म्हणाले, "काऊन विचारून राह्यला? भाऊ म्हणत तसंच म्हण."